अकबर आणि कबूतरबाजी

जलालुद्दीन मुहम्मद अकबर (१५ ऑक्टोबर १५४२, उमरकोट – ऑक्टोबर १६०५, आग्रा) हा मोगल घराण्यातील तिसरा बादशहा होता. त्याने १५५६ ते १६०५ या काळात राज्य केले. राज्यविस्तार, मनसबदारी, महसूलव्यवस्था आणि धार्मिक धोरण यांसाठी तो प्रसिद्ध आहे. भारतातील कबूतरबाजीच्या इतिहासातही त्याला महत्त्वाचे स्थान आहे. कबुतरांची निवड, जोड्या लावणे, शिक्षण देणे आणि मोल ठरवणे या गोष्टी त्याच्या दरबारात नियमबद्ध झाल्या. या खेळाला त्याने 'इश्कबाजी' असे नाव दिले होते. त्याचा मंत्री व इतिहासकार अबुल फझल याने 'आईन-ए-अकबरी' या ग्रंथात त्यावर स्वतंत्र प्रकरण लिहिले असून, कबूतरपालनावरील जुन्या तपशीलवार लेखनात त्याची गणना होते.

हा लेख अकबराच्या आयुष्यातील या छंदाचा आणि त्याच्या परिणामांचा परामर्श घेतो.

घराण्यातील परंपरा

कबुतरे पाळण्याचा शौक अकबराला वारशाने मिळाला होता. त्याचा पणजोबा उमर शेख मिर्झा हा मध्य आशियातील फरगणा प्रांताचा शासक होता. अख्सी येथील त्याचा किल्ला खोल दरीच्या काठावर बांधलेला होता आणि कबुतरांची ढाबळही त्याच कड्यावर होती. ८ जून १४९४ रोजी कडा ढासळला आणि ढाबळ, कबुतरे व उमर शेख असे सर्वच दरीत कोसळले. या अपघातामुळे त्याचा मुलगा बाबर वयाच्या बाराव्या वर्षी गादीवर आला. बाबराने ही हकिकत आपल्या आत्मचरित्रात नोंदवली आहे.

तैमूरवंशीय राजपुत्रांमध्ये हा छंद सर्वत्र रूढ होता. हेरातचा सुलतान हुसेन मिर्झा याच्याकडेही नामांकित कबुतरे होती. समरकंद, बुखारा, बल्ख आणि हेरात येथील जाणकार कबूतरबाजांना मोठा मान असे. पुढे यांपैकी अनेक गावांची माणसे अकबराच्या चाकरीत दिसतात.

भारतातही कबुतरे पाळण्याची चाल जुनी होती. मोगलांनी तो शौक येथे नव्याने आणला असे नाही. मध्य आशियातील जाती, तेथील प्रशिक्षक आणि त्यांची परिभाषा मात्र मोगलांबरोबर आली व येथील परंपरेत मिसळली.

बालपण आणि शिक्षण

अकबराचा जन्म झाला तेव्हा त्याचा पिता हुमायून शेरशहाकडून पराभूत होऊन सिंधच्या वाळवंटात आश्रय शोधत होता. हुमायून इराणला गेल्यावर लहानग्या अकबराचे संगोपन काका अस्करी व कामरान यांच्या ताब्यात झाले. १५४५ मध्ये हुमायूनने काबूल जिंकल्यावर माता-पित्यांची व मुलाची भेट झाली. परंतु त्यानंतरही काबूलचा ताबा दोन्ही भावांमध्ये बदलत राहिला. १५४७ मध्ये हुमायूनच्या तोफांचा मारा सुरू असताना कामरानने अकबराला तटावर उभे केल्याची हकिकत अबुल फझलने सांगितली आहे.

अशा अस्थिर बालपणात अकबराचे मन पुस्तकांपेक्षा प्राण्यांमध्ये अधिक रमले. उंट, घोडे, कुत्रे आणि कबुतरे हे त्याचे सोबती होते. त्याचे वय चार वर्षे, चार महिने व चार दिवस झाले तेव्हा विद्यारंभाचा मुहूर्त ठरवण्यात आला. पण ऐन मुहूर्ताच्या वेळी मुलगा खेळण्यासाठी निघून गेला आणि शोधूनही सापडला नाही. त्याचा पहिला शिक्षक मुल्ला असामुद्दीन हा स्वतःच कबुतरांच्या नादी लागलेला होता. शिष्याच्या अभ्यासाकडे त्याचे दुर्लक्ष होत असल्याचे लक्षात आल्यावर हुमायूनने त्याला दूर करून दुसरा शिक्षक नेमला. त्यानंतरही शिक्षक बदलत गेले. परंतु अकबर लिहिण्या-वाचण्यात पारंगत झाला नाही.

मोठेपणी त्याने ही उणीव वेगळ्या मार्गाने भरून काढली. तो ग्रंथ रोज वाचून घेई, ऐकलेले लक्षात ठेवी आणि विद्वानांशी चर्चा करी. प्रत्यक्ष निरीक्षणावर त्याचा विशेष भर होता. हत्ती, चित्ते, घोडे, शस्त्रे आणि कबुतरे यांबाबतची त्याची जाण याच सवयीतून तयार झाली, असे अनेक अभ्यासक मानतात.

छंदाचा त्याग आणि पुनरारंभ

जानेवारी १५५६ मध्ये हुमायूनचा मृत्यू झाला आणि १४ फेब्रुवारी १५५६ रोजी पंजाबातील कलानौर येथे तेरा वर्षांच्या अकबराला गादीवर बसवण्यात आले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये पानिपतच्या दुसऱ्या लढाईत हेमूचा पराभव झाला. सुरुवातीची काही वर्षे कारभार बैरामखानाच्या हाती होता. १५६० मध्ये अकबराने त्याला पदावरून दूर केले आणि पुढील दोन दशकांत माळवा, चितोड, रणथंभोर, गुजरात व बंगाल हे प्रदेश साम्राज्याला जोडले.

अबुल फझलच्या म्हणण्यानुसार, अकबराला अगदी तरुणपणी कबुतरे उडवण्याची आवड होती. वय वाढल्यावर त्याने हा खेळ पूर्णपणे सोडून दिला आणि नंतर विचारपूर्वक पुन्हा हाती घेतला. बालवयातील नाद आणि प्रौढपणी स्वीकारलेला अभ्यास यांत ग्रंथकाराने केलेला हा भेद महत्त्वाचा आहे. कबूतरबाजी हा रिकामटेकड्यांचा उद्योग आहे, अशी टीका त्या काळीही होत असे. तिला उत्तर म्हणून अबुल फझल असे मांडतो की, सामान्य लोक ज्यात केवळ मन रिझवतात त्यातून बादशहा ज्ञान मिळवतो आणि चंचल, संसारात गुंतलेल्या लोकांना शिस्त, आज्ञापालन व परस्परस्नेह यांकडे वळवण्याचे साधन म्हणूनही तो त्याचा उपयोग करतो. हे समर्थन दरबारी लेखकाचे असल्यामुळे त्यात स्तुतीचा भाग आहे. तथापि, बादशहाच्या छंदाचे समर्थन करण्याची गरज भासली, यावरूनच त्याविषयी आक्षेप होते हे उघड होते.

'आईन-ए-अकबरी'मध्ये हे प्रकरण करमणुकीच्या साधनांच्या वर्णनात येते. त्याच्या आधी चौगान म्हणजे घोड्यावरून खेळण्याच्या चेंडूफळीचे वर्णन आहे. अंधारात खेळता यावे म्हणून अकबराने पळसाच्या लाकडाचे पेटते चेंडू वापरण्याची युक्ती काढली होती. कबूतरबाजीनंतर गंजिफाच्या पत्त्यांचे वर्णन येते.

मोहना आणि त्याचा वंश

अकबराच्या ढाबळीतील सर्वांत नामांकित कबूतर 'मोहना' हे होते. निळसर रंगाचे हे शिकवलेले कबूतर पूर्वी खान-ए-आझम मिर्झा अझीझ कोका याच्या मालकीचे होते. अझीझ कोका हा अकबराची दाई जीजी अनगा हिचा मुलगा, म्हणजे बादशहाचा दूधभाऊ, आणि गुजरातचा सुभेदार होता. त्याच्याकडून हे कबूतर बादशहाकडे आले आणि शाही कबुतरांमध्ये अग्रस्थानी पोहोचले.

मोहनापासून अश्की, परीजाद, अल्मास आणि शाह ऊदी ही कबुतरे निपजली. त्यांच्या पुढील पिढ्यांनी उमर शेख व सुलतान हुसेन मिर्झा यांच्या गाजलेल्या कबुतरांचा विसर पाडला, असे अबुल फझल म्हणतो. समरकंदच्या हाजी अली याच्या एका कबुतरापासून निघालेला 'जिरिही' नावाचा दुसरा वंशही प्रसिद्ध होता. कबुतरांच्या पाहणीच्या वेळी क्रम ठरलेला असे. प्रथम मोहनाचा वंश, मग अश्कीची पिल्ले, त्यानंतर जिरिही आणि पुढे इतर कबुतरे वयानुसार किंवा खरेदीच्या क्रमाने समोर आणली जात. वंशावळ जपण्याची ही पद्धत घोड्यांच्या पैदाशीत रूढ होती. ती येथे कबुतरांना लागू केलेली दिसते.

इराण व तुराणचे राजे अकबराला कबुतरे भेट म्हणून पाठवत आणि व्यापारीही उत्तम पक्षी घेऊन येत. १५८६ मध्ये तुराणचा शासक अब्दुल्लाखान उझबेक याने मीर कुरेश या वकिलाबरोबर पाठवलेल्या नजराण्यात निवडक कबुतरेही होती. त्या वेळी दोन्ही राज्यांत सरहद्दीच्या प्रश्नावरून तणाव होता. अशा प्रसंगी पक्ष्यांची भेट हा राजनैतिक सौजन्याचा भाग ठरे.

निवड आणि पैदास

पूर्वी कबुतरांच्या जोड्या फारसा विचार न करता लावल्या जात. नर व मादी यांच्या रूपात आणि उडण्याच्या कसबात बरोबरी असली पाहिजे, असा नियम अकबराने घातला. गुणवान पक्ष्यांचाच वंश पुढे चालवावा, हे तत्त्व त्यामागे होते. अनोळखी नर-मादी पाच-सहा दिवस एकत्र ठेवले की त्यांची जोडी जमते आणि पुढे दीर्घकाळ दूर राहूनही ती एकमेकांना ओळखतात, असे निरीक्षण 'आईन'मध्ये नोंदवले आहे.

जोडी लावण्याचा हंगाम शरद ऋतूत सुरू होऊन वसंताच्या आरंभी संपत असे. मादी साधारणतः दोन अंडी घालते, क्वचित एकच. दिवसा नर व रात्री मादी अंडी उबवते. थंडीत पिल्लू बाहेर येण्यास २१ दिवस लागतात. हवा उबदार असल्यास १७ ते १८ दिवस पुरतात. सुरुवातीचे सुमारे सहा दिवस माता-पिता पिल्लांना आपल्या गळ्याच्या पिशवीतील मऊ लापशीसारखे अन्न भरवतात, त्यानंतर दाणे देऊ लागतात. पिल्ले स्वतंत्रपणे चरू लागताच त्यांना वेगळे केले जाई. काही वेळा उत्तम जातीची अंडी किंवा पिल्ले दुसऱ्या जोडीखाली ठेवत.

ही निरीक्षणे बहुतांशी आधुनिक माहितीशी जुळतात. पाळीव कबुतराची अंडी साधारण १७ ते १९ दिवसांत उबतात. नर व मादी आळीपाळीने अंड्यांवर बसतात आणि नर प्रामुख्याने दिवसाच्या मधल्या वेळेत बसतो. ज्याला अबुल फझल दाण्यांची लापशी समजला, तो पदार्थ सुरुवातीच्या दिवसांत माता-पित्यांच्या अन्नपिशवीच्या अस्तरातून तयार होतो; त्याला आज 'कबुतराचे दूध' म्हणतात.

प्रशिक्षण

घरी वाढलेली पिल्ले जागेला सरावेपर्यंत व अंगात बळ येईपर्यंत बंदिस्त ठेवली जात. त्यानंतर त्यांचा दाणा एक तृतीयांश किंवा एक चतुर्थांशावर आणला जाई. भूक आणि ढाबळीत मिळणारा दाणा यांची सांगड बसली, की पक्षी कितीही दूर गेला तरी परततो, हे त्यामागील सूत्र होते. आजचे कबूतरबाजही हेच सूत्र वापरतात. भुकेची सवय झाल्यावर पक्ष्यांना हळूहळू उडवत आणि दिवसाला सुमारे ४० उड्डाणे करून घेत. या टप्प्यावर कसरतींकडे लक्ष दिले जात नसे.

पंखाची दहा मोठी पिसे मोजली जात. त्यांपैकी आठ झडली की उडवणे थांबवून पक्ष्याला विश्रांती देत. दोन महिन्यांत नवी पिसे येऊन पक्षी बळकट होई आणि मग खऱ्या कसबाला सुरुवात होई. शिकून तयार झालेली कबुतरे बादशहासमोर आणली जात आणि चार महिने प्रदर्शनासाठी सज्ज ठेवली जात.

कसरतींचे मुख्य प्रकार दोन होते. उडता उडता वर्तुळाकार पूर्ण गिरकी घेणे याला 'चरख' म्हणत. गिरकी अर्धवट राहिली तर तिला 'कतिफ' म्हणत व ती कमी दर्जाची मानत. हवेत पाठीवर उलटून झटकन कोलांटी घेणे याला 'बाजी' म्हणत. एक कबूतर बादशहासमोर साधारणपणे १५ चरख आणि ७० बाजी करून दाखवत असे. पूर्वी एका वेळी ११ किंवा २१ कबुतरे सोडली जात. अकबराच्या काळात ही संख्या १०१ पर्यंत गेली. काही थवे रात्रीच्या वेळीही उंच उडवले जात.

ढाबळी, सेवक आणि मोल

दरबारातील कबुतरांची संख्या २०,००० हून अधिक होती आणि त्यांपैकी ५०० 'खासा' म्हणजे निवडक गणली जात, असे अबुल फझल सांगतो. जुने पारखी पायाची ठेवण, डोळ्यांची फट आणि चोचीवरील छिद्रे पाहून पक्ष्याची किंमत करत. अकबराने डोळे, चोच व नख्या यांवरील खुणांचे अधिक बारीक वर्गीकरण केले आणि पायांवरील कड्यांसारख्या खवल्यांचे रंग व प्रकार यांचाही विचार केला. या खुणांची पद्धतशीर नोंद करणारी एक पुस्तिका तयार करण्यात आली. तिच्या आधारे कबुतरांचे दहा वर्ग करून प्रत्येक वर्गासाठी वेगळी ढाबळ बांधण्यात आली.

पहिल्या वर्गातील कबुतरांच्या किमतीला मर्यादा नव्हती. दुसऱ्या वर्गातील जोडीस ३ रुपये, तिसऱ्या वर्गातील जोडीस अडीच रुपये, चौथ्या वर्गातील जोडीस २ रुपये असा दर होता. शेवटच्या वर्गांत तो अर्ध्या रुपयाहूनही खाली येई. ढाबळीवरील सेवकांचा पगार लष्कराच्या पटावरून दिला जाई आणि तो दरमहा २ रुपयांपासून ४८ रुपयांपर्यंत असे. म्हणजेच दुसऱ्या वर्गातील एका जोडीची किंमत सर्वांत खालच्या सेवकाच्या महिन्याच्या पगारापेक्षा जास्त होती. उत्तम कबुतरे तयार करून अनेक गरीब माणसे सुस्थितीला आली, ही 'आईन'मधील नोंद या आकड्यांच्या पार्श्वभूमीवर समजते.

खासा कबुतरांना निवडक धान्य दिले जाई. इतरांना तांदूळ, हरभऱ्याची डाळ, मूग, बाजरी, ज्वारी इत्यादी सात धान्यांचे मिश्रण मिळे.

अबुल फझलने नामवंत कबूतरबाजांची यादीही दिली आहे. तीत बुखाराचा कुल अली, समरकंदचा मस्ती, हेरातचा मोमिन, बल्खचा हाजी कासिम, शहरसब्झचा हबीब यांच्याबरोबर हिरानंदसारखे हिंदू नावही आढळते. मध्य आशियातून आलेले उस्ताद आणि स्थानिक सेवक एकाच ढाबळीवर काम करत होते, हे त्यावरून दिसते. राजे व सरदार यांच्या चरित्रांनी भरलेल्या त्या काळच्या इतिहासलेखनात पक्ष्यांची देखभाल करणाऱ्या माणसांची नावे टिकून राहिली, हे या प्रकरणाचे वेगळेपण आहे.

फत्तेपूर सिक्री आणि मॉन्सेरातचा वृत्तांत

१५७१ पासून सुमारे १५८५ पर्यंत अकबराची राजधानी फत्तेपूर सिक्री येथे होती. तेथील हत्ती दरवाजाजवळची एक वास्तू आजही कबूतरखाना म्हणून दाखवली जाते.

अकबराच्या निमंत्रणावरून १५८० मध्ये गोव्याहून जेझुइट पाद्र्यांचे पहिले मंडळ फत्तेपूर सिक्रीला आले. त्यातील आंतोनियो मॉन्सेरात याने लॅटिन भाषेत लिहिलेल्या वृत्तांतात शाही ढाबळीचे वर्णन केले आहे. निळ्या व पांढऱ्या विटांनी सजवलेल्या ढाबळीची आणि तिची देखभाल करणाऱ्या सेवक-दासींची त्याने नोंद केली. शिट्टीच्या इशाऱ्यावर थवा एकदम उडतो, हवेत कोलांट्या घेतो, ओळीने फिरतो, छपरावर बसतो किंवा खुराड्यात लपतो, हे पाहून तो थक्क झाला. सैनिक जसे नगारा व शिंगाच्या इशाऱ्यावर हालचाल करतात तशीच ही कबुतरे वागतात, असे त्याला वाटले.

मॉन्सेरात हा दरबारी नोकर नव्हता आणि अकबराने ख्रिस्ती धर्म न स्वीकारल्याने जेझुइटांची निराशाही झाली होती. त्यामुळे त्याचा वृत्तांत अबुल फझलच्या वर्णनाला मिळालेली स्वतंत्र पुष्टी ठरतो.

छावणीतील आणि निरोप्या कबुतरे

अकबराच्या कारकिर्दीतील मोठा काळ मोहिमांमध्ये गेला. छावणी हलली की ढाबळीही हलत. भोई खुराडी खांद्यावरून वाहून नेत आणि कबुतरे आकाशातून त्यांच्या मागोमाग उडत जात. मधूनमधून खाली उतरून विसावत आणि पुन्हा उडत. ठिकाण बदलले तरी फिरत्या ढाबळीकडे परतणे हे कबुतराच्या दृष्टीने अवघड कसब आहे, कारण त्याची मूळ प्रवृत्ती स्थिर घराकडे परतण्याची असते.

'आईन'मध्ये लोटन, लक्का, 'याहू' असा आवाज काढणारी कबुतरे इत्यादी प्रकारांबरोबर पत्रे नेणाऱ्या कबुतरांचाही उल्लेख आहे. तरीही अकबराच्या साम्राज्यातील टपालाचा भार मुख्यतः डाकचौक्यांवरील धावपटू आणि घोडेस्वार यांच्यावरच होता. दरबारी कबूतरबाजीचा भर शर्यतीपेक्षा कसरतींवर होता.

दख्खन मोहीम आणि वऱ्हाड

१५९१ मध्ये अकबराने खानदेश व अहमदनगर येथे वकील पाठवून दख्खनकडे लक्ष वळवले. १५९५ च्या अखेरीस शाहजादा मुराद व अब्दुर्रहीम खानखाना यांच्या फौजांनी अहमदनगरला वेढा घातला. चांदबिबीने किल्ला लढवला. परंतु १५९६ च्या तहानुसार निजामशाहीला वऱ्हाड मोगलांच्या स्वाधीन करावे लागले. मुरादने बाळापूरजवळ शहापूर वसवले. मे १५९९ मध्ये त्याचा मृत्यू झाला. त्याला परत आणण्यासाठी पाठवलेला अबुल फझल त्याच सुमारास छावणीत पोहोचला आणि त्याने विस्कळीत फौज सावरली. ऑगस्ट १६०० मध्ये अहमदनगर व जानेवारी १६०१ मध्ये असीरगड मोगलांच्या ताब्यात आले. या काळात अकबर स्वतः बऱ्हाणपूरपर्यंत आला होता.

नव्याने मिळालेल्या वऱ्हाड सुभ्याचे वर्णन 'आईन-ए-अकबरी'त समाविष्ट आहे. आजच्या यवतमाळ जिल्ह्यातील दारव्ह्याचा परिसर याच सुभ्यात मोडत असे. याच जिल्ह्यातील कळंब आणि शेजारचे माहूर ही त्या काळी सरकारांची म्हणजे महसुली विभागांची मुख्य ठाणी होती. एकाच ग्रंथात वऱ्हाडातील परगण्यांचा महसूल आणि कबुतरांच्या पायांवरील खवल्यांचे प्रकार सारख्याच बारकाईने नोंदवलेले आहेत. मोजणे, वर्ग पाडणे आणि दर ठरवणे ही अकबराच्या कारभाराची सर्वसाधारण पद्धत होती. कबूतरखाना तिला अपवाद नव्हता.

अखेरची वर्षे

अकबराची शेवटची वर्षे कष्टाची गेली. शाहजादा सलीम याने अलाहाबादेत बंडाचा पवित्रा घेतला. १६०२ मध्ये दख्खनहून परतणाऱ्या अबुल फझलचा सलीमच्या सांगण्यावरून वीरसिंह बुंदेला याने खून केला. १६०५ मध्ये शाहजादा दानियाल बऱ्हाणपूर येथे मरण पावल्याचे कळले. त्याच वर्षी ऑक्टोबर महिन्यात आग्रा येथे अकबराचा मृत्यू झाला. त्याची कबर सिकंदरा येथे आहे. अबुल फझलच्या मृत्यूनंतर शाही ढाबळीचे तितके सविस्तर वर्णन कोणी केले नाही.

वारसा

सलीम हा जहांगीर या नावाने बादशहा झाला. १६१७–१८ च्या सुमारास, बगदादचे अब्बासी खलिफा कबुतरांकरवी पत्रे पाठवत असत हे ऐकून, त्याने आपल्या कबूतरबाजांना तसा प्रयोग करण्यास सांगितले. मांडूहून सकाळी सोडलेली कबुतरे पावसाच्या दिवसांत दीड ते अडीच प्रहरांत बऱ्हाणपूरला पोहोचत. हवा स्वच्छ असल्यास बहुतेक एका प्रहरात आणि काही अवघ्या चार घटकांत पोहोचत, असे त्याने आत्मचरित्रात नोंदवले आहे. या दोन ठिकाणांमधील सरळ अंतर सुमारे १४५ किलोमीटर आहे. प्रहर म्हणजे तीन तास आणि घटका म्हणजे २४ मिनिटे धरल्यास साधारण वेग ताशी ५० किलोमीटरच्या आसपास आणि सर्वोच्च वेग ताशी ९० किलोमीटरच्या आसपास येतो. आजच्या शर्यतीच्या कबुतरांचे वेगही साधारण याच मर्यादेत असतात. ठरावीक अंतर आणि त्याला लागलेला वेळ यांची ही नोंद भारतातील कबुतरांच्या शर्यतीची पूर्वपीठिका मानता येईल.

मोगल सत्तेच्या ऱ्हासानंतर कबूतरबाजी दिल्ली, लखनौ, हैदराबाद व रामपूर येथे बहरली. एकमेकांचे थवे आकाशात मिसळवून दुसऱ्याचे कबूतर आपल्या ढाबळीवर उतरवणे हा तेथील चुरशीचा खेळ होता. अवधचा पदच्युत नवाब वाजिद अली शहा याने कलकत्त्याजवळील मटियाबुर्ज येथे हद्दपारीतही हजारो कबुतरे पाळली होती. दरबार संपल्यावर हा छंद सामान्य वस्त्यांच्या गच्च्यांवर गेला. आज भारतात स्पर्धांचे दोन मुख्य प्रकार दिसतात. पहिल्यात कबूतर किती तास आकाशात टिकते हे मोजतात. त्यासाठी गिरेबाजसारखे उंच उडणारे पक्षी वापरतात. दुसऱ्यात घरी परतणाऱ्या जातीची कबुतरे दूरवर नेऊन सोडतात. प्रत्येकाची ढाबळ वेगळ्या अंतरावर असल्याने अंतर भागिले वेळ असा सरासरी वेग काढून विजेता ठरवला जातो. हा दुसरा प्रकार एकोणिसाव्या शतकात बेल्जियममध्ये विकसित झाला.

अकबराच्या कबुतरांची कीर्ती विज्ञानाच्या इतिहासातही पोहोचली. चार्ल्स डार्विन याने १८५९ च्या 'ओरिजिन ऑफ स्पीशीज' या ग्रंथात मानवी निवडीचा प्रभाव दाखवण्यासाठी कबुतरांचे उदाहरण घेतले. डार्विन स्वतः कबुतरे पाळत असे आणि लंडनच्या कबूतरपालकांच्या मंडळांचा सदस्य होता. या छंदाची प्राचीनता सांगताना त्याने अकबराच्या दरबारातील २०,००० कबुतरांचा, इराण-तुराणहून आलेल्या भेटींचा आणि जोड्या लावून साधलेल्या सुधारणेचा उल्लेख केला आहे. सर्व पाळीव जाती एकाच रानटी पारव्यापासून निर्माण झाल्या, हे त्याचे प्रतिपादन पुढे मान्य झाले.

मूल्यमापन

अकबराच्या कबूतरबाजीकडे दोन दृष्टींनी पाहिले जाते. एका दृष्टीने ती शाही वैभवाची, खर्चिक करमणूक होती: हजारो पक्ष्यांचा दाणा आणि शेकडो सेवकांचे पगार अखेरीस रयतेच्या महसुलातूनच येत होते. दुसऱ्या दृष्टीने ती निरीक्षण, नोंद आणि निवड यांवर आधारलेल्या जिज्ञासेचे उदाहरण आहे. दोन्ही मतांना आधार 'आईन-ए-अकबरी'तच मिळतो, कारण खर्चाचे आकडे आणि पक्ष्यांची निरीक्षणे तेथे एकत्रच दिलेली आहेत.

ज्या नादामुळे अकबराचा पहिला शिक्षक पदावरून गेला आणि शिष्य अक्षरओळखीत मागे राहिला, त्याच विषयावर त्याच्या दरबारात एक पद्धतशीर शास्त्र उभे राहिले. त्या शास्त्रातील जोड्या लावण्याचे, पीसझडीच्या काळात विश्रांती देण्याचे आणि मोजक्या दाण्यावर शिकवण्याचे नियम कबूतरपालकांमध्ये आजही प्रचलित आहेत.